रॅम काढलेली होती, तरी...

भूत, आत्मा, कावळा शिवणं — माझा कशावर विश्वास नाही. अंगात आलेली बाई दिसली की मी रस्ता बदलतो. कंपनीत फिटर होतो, सातवी नापास. मशीन का बंद पडलं तेवढं मला कळतं. तरी हे लिहितोय. चुका सून टाइप करताना काढेल.

आम्ही डोंबिवली पूर्वेला, मानपाड्याला राहतो. बायको सुमन दिवाळीच्या आधी गेली. तिचा एक जुना कॉम्प्युटर होता — मोठा डबा आणि वेगळा स्क्रीन. त्यावर ती ब्लाऊजच्या बाह्यांची नक्षी काढून ठाण्याला नौपाड्यातल्या दुकानांना पाठवायची. खरं सांगतो, तो डबा माझ्या डोक्यात जायचा. नवरात्रात टेंभी नाक्याला देवी बघायला चल म्हटलं तर, "अहो, तुम्ही या जाऊन. ऑर्डर आहे." सकाळी मला, "अहो, चहा गार होतोय." आणि त्या डब्याला टपली मारून, "ऊठ रे राजा!"

मला जन्मभर अहो. त्याला रे.

माझं नाव दामोदर. तिने ते कधी तोंडातून काढलं नाही. नवऱ्याचं नाव घ्यायचं नाही, ही तिच्या आईची शिकवण. हळदीकुंकवाला बायका उखाण्याचा आग्रह करायच्या, तर ही लाजून आत पळायची. मी म्हणायचो, "एकदा घे गं. कानांनी ऐकू दे." "इश्श, घेईन की सावकाश."

ती गेली आणि डबाही बंद पडला. स्विच टाकला की नुसता पीं-पीं ओरडायचा. म्हटलं, रड लेका, तू पण रड.

सुमन सुनेच्या स्वप्नात आली. शेजारणीच्या आली. माझ्या एकदाही नाही...

डबा मी भंगारात काढणार होतो. वर्षा, माझी सून, आडवी आली. "बाबा, आईंची सगळी नक्षी आहे त्यात!" मग एका दुपारी आम्ही दोघांनी तो रिक्षात घालून जवळच नरेशच्या कॉम्प्युटर दुरुस्तीच्या दुकानात नेला. त्याने पावती वर्षाच्या नावाने केली, मला काही विचारलं नाही.

नरेशने डबा उघडला. "काका, स्विच टाकला की आधी बोर्डावरची ही चिप जागी होते. पुढे काय करायचं ते तिच्यात कंपनीतूनच लिहून येतं. ती पहिली रॅम तपासते. रॅम म्हणजे पाटी, वीज गेली की कोरी. कायमचं सगळं या डिस्कवर. पाटी धड असली तर डिस्कवरचं विंडोज उचलून पाटीवर मांडतात, मग काम सुरू."

"आणि पाटीच नसली तर?"

"मग स्क्रीन काळा, नुसती बोंब. आता तेच बघतो. ओरडला म्हणजे बोर्ड जिवंत."

त्याने रॅम काढली, डिस्क काढली, माझ्यासमोर टेबलावर ठेवली. "ताई, दाबा बटण."

वर्षाने सासूसारखीच टपली मारली. "ऊठ रे राजा."

ओरडला नाही. पंखा फिरला, स्क्रीन उजळला... मधोमध पांढऱ्या अक्षरांत, मराठीत — दामोदर.

नरेश बघतच राहिला. "हा दामोदर कोण?"

वर्षाने माझ्याकडे बघितलं. ती तरी सासऱ्याचं नाव कसं घेणार?

"मी," म्हटलं.

"काका, मस्करी करू नका. या चिपला मराठी येतच नाही!"

तेवढ्यात अक्षरं गेली आणि डबा पीं-पीं ओरडायला लागला.

नरेशने रॅमची पितळी कड खोडरबराने घासली, सगळं परत बसवलं. लगेच चालू झाला. नक्षी जिथल्या तिथे. त्याने अख्ख्या डिस्कवर माझं नाव शोधलं, मराठीत, इंग्रजीत. कुठेच नाही. पुन्हा रॅम, डिस्क काढून बघितलं. काळा स्क्रीन, बोंब. "काका, मला नाही सांगता येणार," म्हणाला. मला तर अजून काहीच कळलेलं नाही. वाचणाऱ्यांपैकी कोणाला कळलं तर सांगा.

येताना रिक्षात डबा माझ्या मांडीवर. वर्षा डोळे पुसत म्हणाली, "बाबा, आईंनी नाव घेतलं तुमचं."

घेतलं ना. जन्मभर वाट बघायला लावून घेतलं. मी शेजारी उभा असताना, त्याच्या तोंडून!

आता रोज सकाळी मीच त्याला टपली मारतो. जरा जोरात. ऊठ रे, म्हणतो. राजा म्हणत नाही.