पडद्याकडे पाठ

आमच्या रास अल खैमाच्या टाइल्सच्या कारखान्यात भट्टीची मशिनरी इटलीची. ती बिघडली की तिकडून एक म्हातारा इंजिनीयर यायचा. त्याचे काका म्हणे जन्मभर सिनेमाच्या पटकथा लिहायचे, सगळ्या विनोदी. एकट्याने नाही, जोडीला एक दोस्त. काका बोलायचे, दोस्त हसला तर वाक्य कागदावर, नाहीतर खलास. पुढे दोस्त वारला. काकांनी एकट्याने लिहिलं, सिनेमे चाललेही. पण विनोद नेमका कुठे झालाय, तेच काकांना कळेना. मग थिएटरात ते पडद्याकडे पाठ करून लोकांची तोंडं बघत बसायचे.

हे ऐकून मी आणि माझा मित्र परतीच्या वाटेवर इतके हसलो की बस्स. ‘कसला येडा काका!’ मित्र म्हणाला.

मित्र त्याच कारखान्यात अकाउंट्सला. दोघंही शारजात अल मजाजला राहायचो, गाडी त्याची. जाता-येता आम्ही गणपतीच्या कार्यक्रमाचं स्किट लिहायचो. म्हणजे मी बडबडायचो आणि तो गाडी चालवायचा. वाक्य जमलं की तो स्टिअरिंगवर थाप मारायचा. कधीकधी हॉर्नच वाजायचा आणि पुढचा ट्रकवाला हात बाहेर काढून शिव्या घालायचा. थाप नाही तर वाक्य नाही. कार्यक्रमानंतर शाबासकी मात्र सगळी मला, आणि हा पठ्ठ्या बटाटेवड्यांच्या रांगेत.

मग त्याची नोकरी गेली. व्हिसा कॅन्सल, बिऱ्हाड आवरलं, ठाण्याला गेला. विमानतळावर सोडताना गळाबिळा दाटून येईल असं वाटलं होतं. कसलं काय! पार्किंगची वेळ संपेल, एवढंच डोक्यात.

यंदाचं स्किट मला एकट्याला सांगितलं. नको म्हणणार होतो. पण हेही सुटलं तर त्याच्या-माझ्यात उरतं काय, म्हणून हो म्हटलं. इथे व्हॉट्सअ‍ॅपवर कॉल लागत नाही, तेव्हा पहिला प्रवेश बोलून व्हॉइस नोट पाठवली. लगेच चार हसरे चेहरे आले. नोट चांगली लांबलचक, आणि माइकचं चिन्ह अजून करडंच. समोरच्याने ऐकलं की ते निळं होतं. दुसऱ्या दिवशीही करडंच. अरे लेका, निदान ऐकून तरी हस! राग यायला हवा होता. आला नाही. पुढचे प्रवेशही पाठवले, चेहरे येत गेले. घरी मुलीला वाचून दाखवलं. ‘इट्स ओके, बाबा,’ ती मोबाइलमधून मान वर न काढता म्हणाली.

प्रयोगाला हॉल भरलेला. मी विंगेत उभा. लोक हसत होते. पुढच्या रांगेतल्या एक काकू तर पदराने डोळे पुसत होत्या. मी रंगमंचाकडे पाहिलंच नाही, लोकांकडेच बघत राहिलो. मग मोबाइल काढला, तो हशा रेकॉर्ड केला आणि मित्राला पाठवला. नुसता हशा, संवाद नाहीत.

या वेळी माइक लगेच निळा झाला. चेहरे आले नाहीत. तो टाइप करत होता, थांबत होता, परत करत होता. शेवटी आलं, ‘मस्त रे! कुठल्या वाक्याला?’

मी आठवून पाहिलं. वाक्य माझंच, पण कुठलं ते मला सांगता येईना. हॉलमध्ये लोक अजून हसत होते. मी त्याला चार हसरे चेहरे पाठवले.