मस्कतचं फ्रेंच घर आणि ईशाची अर्धी गोष्ट

मी लांब दुक्मच्या साइटवर पाइपिंग सुपरवायझर आहे आणि घर मस्कतजवळ सीबला, म्हणजे महिन्यातून दोनच दिवस बाप असतो. या खेपेला नववीतल्या ईशानं आधीच बजावलं होतं: फ्रान्समधल्या थोर व्यक्तींवर प्रोजेक्ट आहे, तर जुन्या मस्कतमधलं फ्रेंच राजदूताचं घर दाखवायचं. तिथं आता संग्रहालय आहे. शाळेत मराठी नव्हतंच. हिंदी की फ्रेंच असा प्रश्न होता, आणि मार्क पडतात म्हणून फ्रेंच मीच घ्यायला लावलं.

दुक्म ते सीब सहा तास. टाकी भरूनच निघा, मधे नुसती वाळू आणि उंट. वाटेत सिनावला मलबारी हॉटेलात पराठा-ऑम्लेट आणि करक चहा स्वस्तात होतो. घरी पोचून आडवा झालो तो थेट शनिवारी सकाळी उठलो.

संग्रहालयाची वेळ आधी विचारून जा. जाड भिंतींचं जुनं घर, जहाजांची चित्रं, पत्रं, पोशाख. दुपारी दोघा सहकाऱ्यांना घेऊन मला परतायचं होतं, त्यामुळे अर्धं लक्ष घड्याळात. ईशा एका फ्रेंच झग्यासमोर थांबली. राजे, तत्त्ववेत्ते, लेखक सगळे सोडून तिनं एक शेतकऱ्याची पोर निवडली होती, चिलखत घालून सैन्यापुढे गेलेली. एरवी घरात इंग्रजीच बोलणारी ईशा त्या दिवशी माझ्यासाठी मराठीत सांगू लागली.

"बाबा, ती माझ्याहून फक्त तीन वर्षं मोठी होती. तिला आवाज यायचे, गॉडचे. मग ती राजाकडे गेली, आणि नंतर सगळ्यांनी तिला… काय म्हणतात त्याला…"

तिला शब्द सापडेना. साइटवर माणसं रेंगाळली की जे तोंडातून निघतं, तेच निघालं.

"यल्ला, खलास. चल आता, बाकीचं गाडीत सांग."

ती लगेच चालू लागली, साइटवरची माणसं लागतात तशी. गाडीत विचारलं तर "लीव्ह इट, बाबा," म्हणाली आणि कानात इयरफोन घातले. वाटेत मत्राला थांबून मासे-भात खाल्ला. मासा ताजा होता, बोलत मात्र मी एकटाच होतो.

कॅम्पवर आल्यावर त्या पोरीची गोष्ट नेटवर शोधून वाचली. तिला जिवंत जाळलं होतं. ईशाला 'जाळलं' हा साधा शब्द येत नव्हता, आणि तो सापडेपर्यंत मला थांबावंसं वाटलं नाही, याची फार लाज वाटली. पंधरा मिनिटांत दुक्म कुठं पळून जाणार नव्हतं. बैल गेला नि झोपा केला, दुसरं काय.

फोन लावला, म्हटलं, पुढचं सांग ना. प्रोजेक्ट सबमिट झाला, असं ती इंग्रजीत म्हणाली आणि फोन आईकडे दिला.