एका हाताचा खेळ

दोन्ही सुया टोचून झाल्या, नळ्या जोडल्या आणि मशीनचं चाक फिरायला लागलं, की मामा डोळे मिटून म्हणायचे, "टाकला लंगर." चार तासांनी सुया काढून कापूस दाबला की म्हणायचे, "उचलला." मधल्या वेळात कुणी "मामा, कसं वाटतंय?" असं विचारलं तर उत्तर ठरलेलं असायचं, "दर्या शांत हाय."

भोरच्या एका डायलिसिस केंद्रात मी तंत्रज्ञ आहे. पेशंट तिथल्या सगळ्याच बायकांना सिस्टर म्हणतात, म्हणून मीही सिस्टर. मामा वेल्ह्याच्या पुढच्या एका वाडीतले. तरुणपणी मुंबईला गेले, तिथून मालवाहू जहाजावर लागले आणि निवृत्त होईपर्यंत जहाजावर स्वयंपाक करत राहिले. जहाजावरच्या स्वयंपाक्याला भंडारी म्हणतात, हे मला त्यांच्याकडूनच कळलं. गावच्या विहिरीत उतरायला घाबरणारा हा माणूस निम्मं आयुष्य समुद्रावर राहिला. म्हातारपणी रक्तदाबानं मूत्रपिंडं गेली आणि आठवड्यातून तीन दिवस आमच्या खाटेवर येऊन पडायची वेळ आली.

तुम्ही कधी डायलिसिसच्या खोलीत बसला असाल, तर तिथे वेळ कसा जातो हे तुम्हाला सांगायला नको. लोक झोपतात, मोबाईल बघतात, छताकडे बघतात. मामा मात्र पहिल्या दिवसापासून रमलेले. सुरुवातीला त्यांच्या मानेत तात्पुरती नळी होती, त्यामुळे दोन्ही हात मोकळे. मशीन सुरू झालं की मामी पिशवीतून धुतलेल्या रुमालात गुंडाळलेली एक वस्तू काढून त्यांच्या हातात द्यायच्या. जाड, करड्या रंगाचं, हातात धरून खेळायचं गेमचं जुनं यंत्र. मामा त्याला डबी म्हणत. त्यात बसणाऱ्या चार कॅसेटी होत्या. मामींनी ब्लाऊजपीसची एक थैली शिवली होती, तिला चार कप्पे होते आणि प्रत्येक कप्प्यात एक कॅसेट.

"दर्यावर व्हते तवा हातात तेच, घरी आले तरी तेच," मामी मला सांगायच्या. "म्या म्हनलं, ही सवत बरी. जेवाय मागत न्हाई."

डबी मामांनी जपानच्या एका बंदरात घेतली होती, मुलीसाठी. मुलीनं दोन दिवस खेळून टाकून दिली, मग पुढच्या सफरीला ते स्वतःच घेऊन गेले. गंमत अशी की त्यातल्या त्यांच्या लाडक्या खेळातली सगळी अक्षरं जपानी. मामांना त्यातलं एक अक्षर वाचता येत नव्हतं. एक छोटा माणूस पाठीवर गाठोडं घेऊन गावोगाव हिंडतो, पूल ओलांडतो, माणसांशी बोलतो. ती माणसं काय बोलतात, ते मामांनी आपल्या मनानं ठरवून टाकलं होतं.

शेजारच्या खाटेवर भोरजवळच्या एका अंगणवाडीच्या ताई असायच्या. चाळिशीच्या आतबाहेरच्या, अबोल. आजार कळल्यापासून त्यांनी कुणाशी बोलणंच टाकलं होतं. एकदा त्यांनीच मान वळवून विचारलं, "मामा, ही बाई कोण दारात?"

"ही व्हय? ही त्याची आत्या. रागावलीय. लई वर्सांनी आला न्हवं, हात हालवत."

ताई हसल्या. त्या हसतात, हे त्या दिवशी आम्हाला समजलं.

मानेतली नळी फार दिवस ठेवता येत नाही. मामांच्या डाव्या हातातली शीर आणि धमनी जोडण्याची शस्त्रक्रिया झाली. शीर फुगून तयार झाल्यावर सुया त्या हातात टोचायला लागलो. सुया आत असताना तो हात हलवायचा नसतो. हलला तर सुई शिरेच्या बाहेर येते, हात काळानिळा होतो. आणि डबी तर दोन हातांशिवाय चालत नाही. डाव्या अंगठ्यानं माणूस चालवायचा, उजव्यानं बाकीची बटणं दाबायची. मामांनी एका हातात धरून बघितली, छातीवर ठेवून बघितली. मग मामींकडे परत दिली आणि म्हणाले, "ठेव. ऱ्हाऊ दे."

मामींनी नंतर डबी आणणं बंद केलं.

त्यानंतर मामा बदलले. तास-दीड तास झाला की खाटेवर चुळबुळ सुरू व्हायची. तीन तास झाले की म्हणायचे, "सिस्टर, उचला लंगर."

"मामा, अजून एक तास आहे."

"उचला म्हणतोय ना. माझं शरीर हाय."

पेशंटनं हट्ट धरला तर त्याला बांधून ठेवता येत नाही. सही घेऊन मशीन बंद करावं लागतं. पण शरीरातलं जे पाणी निघायचं राहतं, ते कुठे जात नाही. ते साठत राहतं आणि शेवटी फुप्फुसात उतरतं. मी समजावलं, पुण्याहून येणारे डॉक्टर रागावले. मामा सगळ्यांचं ऐकून घ्यायचे आणि पुढच्या वेळी पुन्हा तेच.

एका सोमवारी त्यांना जीपमधून थेट दारात आणलं. नसरापूर यायच्या आधीच धाप लागली होती. आडवं झालं की श्वास कोंडायचा, म्हणून मामींनी सगळी वाट त्यांना पाठीशी धरून बसवून आणलं होतं. ओठ निळे पडलेले. ऑक्सिजन लावून आम्ही त्यांना बसल्या बसल्याच मशीनला जोडलं. हळूहळू श्वास खाली बसला. मामी बाहेरच्या बाकावर होत्या. मी जवळ गेले, तर माझं मनगट धरून म्हणाल्या, "सिस्टर, त्यांचं ऐकू नका. मला शिव्या दिल्या तरी चालंल. पर चार तास पुरं करा."

संध्याकाळी मामा बोलण्याइतके बरे झाले. मी विचारलं, "मामा, असं का करता?"

ते वर फिरणाऱ्या पंख्याकडे बघत होते. मग म्हणाले, "जहाजावर म्या कधी रिकामा बसलो न्हाई. एक हात बांधल्याला मानूस पंखा किती बघंल, सिस्टर?"

माझ्या नवऱ्याचं नसरापूरला मोबाईल दुरुस्तीचं दुकान आहे. घरी जेवताना मी त्याला हे सांगितलं. तो म्हणाला, "एवढंच ना? तो गेम कॉम्प्युटरवर घेता येतो. मग बटणं आपल्याला पाहिजेत तिथे बसवायची. सगळी एकाच हाताखाली." डॉक्टरांना विचारलं. ते म्हणाले, सुयांचा हात हलणार नसेल तर काहीही खेळू दे.

मामा-मामींना परतताना नसरापूरला वेल्ह्याची गाडी बदलावी लागे. एके दिवशी ते तिथे उतरून माझ्याबरोबर दुकानात आले. नवऱ्यानं लॅपटॉप उघडला. "मामा, एक प्रोग्रॅम असतो, एम्युलेटर. तो कॉम्प्युटरला तुमच्या डबीचं सोंग घ्यायला लावतो."

"बहुरूपी म्हणा की."

"तसंच. आणि गेम नेटवर फुकट मिळतो. दोन मिनिटांत उतरवतो."

मामांनी सोबत आणलेली कॅसेटींची थैली छातीशी धरली. "कुनाचा?"

"म्हणजे?"

"फुकट मिळतो तो कुनाचा हाय? माझा माझ्यापाशी हाय, इकत घेतल्याला. तो सोडून दुसऱ्याचा उचलून कशाला आणायचा?" आणि मग जरा खालच्या आवाजात, "त्यात माझा मानूस बी नसंल. माझा पार डोंगरापल्याड पोचलाय."

नवरा माझ्याकडे बघून हसला. त्याने कॅसेट वाचणारं एक छोटं उपकरण मागवलं. ते आलं, तेव्हा मामा-मामी पुन्हा दुकानात बाकावर येऊन बसले. कॅसेटी दुकानात ठेवून जायला मामा तयार नव्हते. नवऱ्यानं त्यांना समजावलं, की खेळलेला डाव कॅसेटच्या आतल्या नाण्याएवढ्या सेलवर जिवंत राहतो. सेल संपला की डाव पुसला जातो. म्हणून आधी डाव उतरवून घ्यायचा, मग खेळ.

पहिली कॅसेट लावली, खेळ उतरला. पण तिच्यातला डाव आधीच गेला होता. सेल केव्हाच मेला होता.

"गेला?" मामांनी विचारलं.

"हो मामा. हा गेला."

"त्यात म्या एक तळं खनलं व्हतं," मामा म्हणाले. मामींनी त्यांच्या गुडघ्यावर हात ठेवला.

लाडक्या खेळाची कॅसेट मुद्दाम शेवटी लावली. पडद्यावर खेळाच्या नावाऐवजी नुसती वेडीवाकडी चिन्हं आली. काढून पुन्हा लावली, पुन्हा तीच. मामा रस्त्याकडे बघत बसले. मी कॅसेट हातात घेऊन बघितली, तर तळाच्या पितळी पट्ट्यांवर काळपट थर होता. समुद्राची खारी हवा. माझ्या पर्समध्ये सुई टोचण्याआधी हात पुसायच्या स्पिरिटच्या पट्ट्या होत्या. एक फोडली आणि इंजेक्शनची जागा पुसतात तशा त्या पितळी पट्ट्या हलक्या हातानं पुसल्या. कॅसेट वाळू दिली. पुन्हा लावली.

आता नाव नीट आलं. आधी डाव उतरवला. मग खेळ दोनदा उतरवून दोन्ही प्रती ताडून बघितल्या, त्या तंतोतंत जुळल्या. नवऱ्यानं एम्युलेटर सुरू केला. पडद्यावर डोंगर आला आणि डोंगरापलीकडे गाठोडं घेतलेला तो छोटा माणूस.

"अगं, ह्यो बघ," मामा मामींना म्हणाले. "हितंच ठेवला व्हता म्या."

दुकानदार हिशोबाला वापरतात तसा आकड्यांचा एक सुटा छोटा कीबोर्ड घेतला. आठ म्हणजे वर, दोन म्हणजे खाली, चार आणि सहा डावी-उजवीकडे. शून्य आणि शेजारची कळ म्हणजे बटणं. माझा जुना लॅपटॉप खाटेवरच्या टेबलावर, आकड्यांची पाटी मामांच्या उजव्या मांडीवर. सुयांचा हात उशीवर निश्चल. पहिल्या दिवशी त्यांचा माणूस चारदा नदीत पडला. "नवा खलाशी हाय," मामा म्हणाले. पण त्या दिवशी चार तास पूर्ण झाले आणि त्यांनी एकदाही घड्याळाकडे बघितलं नाही.

मामींना मी बाहेर जाऊन सांगितलं. त्यांनी फक्त पदर तोंडाला लावला.

मोठ्या पडद्यामुळे आता सगळी खोलीच मामांच्या माणसाबरोबर हिंडू लागली. एकदा ताईंनी मोबाईलचा कॅमेरा पडद्यावर धरून त्या जपानी अक्षरांचं भाषांतर केलं. ती आत्या निघाली खाणावळीची मालकीण. ती विचारत होती, रात्रीचा मुक्काम करणार का?

ताईंना वाईट वाटलं असावं. मामांनी जरा विचार केला. "इचारंल न्हाई तर काय," ते म्हणाले. "आत्याच हाय ती. ऱ्हा म्हनतीय." त्यानंतर ताईंनी कधी मोबाईल वर केला नाही.

असं दोन वर्षांच्या आसपास चाललं. मग मामांचं हृदय थकलं. मशीनवर रक्तदाब एकदम खाली यायचा. घाम फुटायचा, पडद्यावरचा माणूस जागीच उभा राहायचा. डॉक्टरांनी मामींना बाजूला घेऊन सांगितलं. मामांना कुणी काही सांगितलं नाही, पण त्यांना कळलं होतं.

एका गुरुवारी त्यांनी थैली ताईंच्या खाटेवर ठेवायला सांगितली.

"हे काय मामा?"

"खेळ तुमाला दिला."

"अहो, लॅपटॉपवर आहेच की. तुमचं झालं की मी तिथेच खेळेन."

"तसं चालत न्हाई," मामा म्हणाले. त्यांना दम लागत होता, तरी सावकाश समजावलं. "कॅसेट ज्याच्यापाशी, खेळ त्याचा. कापी तुमाला द्यायची आन कॅसेट म्या घरी ठेवायची, म्हंजे एकाचं दोन झालं. ती चोरी. घ्यायचं तर समदं घ्या."

"आणि तुम्ही?"

"म्या लई हिंडलो."

ताईंच्या सुया उजव्या हाताला असायच्या. आकड्यांच्या पाटीचं बरं असतं, ती कुठल्याही हाताला चालते. आम्ही ती त्यांच्या डाव्या हाताखाली ठेवली. मामांचा डाव न पुसता त्यांच्यासाठी नवा डाव सुरू करून दिला. कॉम्प्युटरवर हे एक सुख आहे, दोघांचे डाव वेगवेगळे राहतात.

त्यानंतरचे काही आठवडे मामा खेळले नाहीत. ताईंचा पडदा त्यांच्याकडे तिरका करून ठेवलेला असायचा आणि ते बघत पडून राहायचे. एकदाही लवकर सोडा म्हणाले नाहीत.

एका मंगळवारी सकाळी मी मशीनं धुवून तयार करत होते. मामींचा फोन आला. आवाज नेहमीचाच होता.

"सिस्टर, आज आमची खाट दुसऱ्या कुनाला द्या."

मी "बरं मामी" म्हणाले. थोडा वेळ दोघी फोन धरून होतो. त्यांच्याकडे मागे माणसांची ये-जा ऐकू येत होती, कुणीतरी खुर्च्या मांडत होतं.

खाट रिकामी ठेवता येत नाही, यादीत माणसं थांबलेली असतात. दुपारी तिथे नवा पेशंट आला. ताईंनी त्या दिवशी लॅपटॉप उघडला नाही. पुढच्या वेळी उघडला.

मामांचा विषय निघाला की मला त्यांचा शेवटचा शनिवार आठवतो. ताईंचा माणूस एका पुलाशी अडकला होता. पूल तुटलेला, वाट सापडेना. ताई कळा दाबत होत्या, वैतागत होत्या. मामांचा रक्तदाब तेव्हा नुकताच सावरला होता आणि त्यांच्यात बोलायचं त्राण नव्हतं. त्यांनी मोकळा उजवा हात चादरीतून बाहेर काढला, पडद्याच्या दिशेनं उचलला आणि दोन बोटांनी हळूच डावीकडे खूण केली. ताईंनी चार दाबला. झाडामागून वाट निघाली. मामांनी हात खाली घेतला नाही. तो माणूस ती वाट चालून पार होईपर्यंत त्यांनी तो तसाच धरून ठेवला.