अडलेलं पिंप

युद्धाच्या वर्षांत मी नगरच्या एका दवाखान्यात नर्स होते. तिथं कपडे धुवायचं यंत्र होतं. दांडा फिरवला की आतलं भोकांचं पिंप गरगर फिरे आणि चादरींतलं पाणी निथळून जाई. एका सकाळी ते नुसतं धडधडून अडू लागलं. बाहेर पाऊस होता, कपाटात कोरडी चादर उरली नव्हती आणि मिरजगावहून बाळंतपणात अडलेल्या एका बाईला मोटारीतून आणलं होतं. तिचं ऑपरेशन लगेच करायचं होतं.

मी तेल घातलं, पट्टा ताणला, पण काही उपयोग झाला नाही. सोबतची धोबीण म्हणाली, “बाई, जोर लावू नगा. मोडलं तर काय करायचं?”

मलाही तीच भीती होती. झाकण उघडून मी आत हात घातला. भिजलेलं ब्लँकेट गोळा होऊन एकाच बाजूला बसलं होतं. ते काढून चादरी चहूकडे सारख्या पसरल्या आणि दांडा हलकेच फिरवला. पिंपाने वेग घेतला.

इस्त्रीने वाळवलेल्या चादरी घेऊन मी ऑपरेशनच्या खोलीत धावले. ती बाई कण्हत म्हणाली, “समदं नीट हुईल ना?”

“होईल,” मी म्हटलं. बाळाचं रडणं कानावर पडेपर्यंत मी तिच्या उशाशी उभी राहिले.