वळणावर सोडलेलं स्टेअरिंग

हडपसरच्या त्या गॅरेजवाल्याचं नाव मी विचारलं नाही. तेवढी सवड त्याने दिलीच नाही.

खड्ड्यांतून जाताना माझ्या गाडीच्या स्टेअरिंगखाली खडखड व्हायची. व्हिडिओ बघून मी घरीच चाकं वळवणाऱ्या रॅकचा नट आवळला. आवाज बंद झाला, मी खूश. फक्त स्टेअरिंग जड झालं, म्हणून गाडी त्याच्याकडे नेली.

मला शेजारी बसवून त्याने गाडी मागच्या रिकाम्या गल्लीत घेतली. वळताना दोन्ही हात वर उचलले. स्टेअरिंग आपोआप सरळ होईना. भिंत हातभर उरली तेव्हा त्याने कचकन ब्रेक मारला.

"कोणी आवळलं हे?"

"मीच."

"वा! अहो, खडखडीने कोणी मरत नाही. या शांततेने मराल!"

रागाने पुटपुटतच तो गाडीखाली शिरला आणि नट जेमतेम पाव फेरा सैल केला. बाहेर येऊन दोन बोटांनी स्टेअरिंग फिरवत त्याने विचारलं, "घरात दुसरं कोणी चालवतं ना? त्यांनाही कळलं नाही?"

आठवडाभर मी मुलीला याच गाडीवर ड्रायव्हिंग शिकवत होतो. "बाबा, स्टेअरिंग परत येत नाहीये," ती रोज सांगायची, आणि मी रोज खेकसायचो, "नाचता येईना, अंगण वाकडं!"

घरी येऊन चावी तिच्यापुढे धरली. म्हटलं, "चूक माझी होती."

"बरं," ती म्हणाली. चावी घेतली नाही.