गाऊनमधल्या काकू

मागच्या हिवाळ्यात आम्ही भाईंदरचे दहा-बारा जण सह्याद्रीतल्या गावांच्या ट्रेकला गेलो होतो. दुसऱ्या मुक्कामी ज्या काकूंच्या घरी उतरलो, त्या गाऊनवर ओढणी घेऊन चुलीपुढे भाकऱ्या थापत होत्या. आमचा गाइड त्यांना म्हणाला, "काकू, नऊवारी नेसून या ना. फोटोत गाव वाटलं पाहिजे."

काकूंनी भाकरी उलटली. "हे गावच हाय. मी रोज अशीच असते."

"पाहुण्यांना असं आवडत नाही हो."

पाहुणी तर मी होते आणि मला कोणी विचारलंच नव्हतं. भाईंदरजवळच्या आमच्या मुर्धा गावातही लोक कॅमेरे घेऊन येतात, माझ्या आईला डोक्यावर टोपली घ्यायला सांगतात. आई मुकाट्याने घेते. तो राग माझ्या पोटात होताच.

"मला आवडतंय," मी मोठ्याने म्हणाले. "काढायचा तर असाच काढा, नाहीतर राहू दे."

गाइडने कॅमेरा बॅगेत टाकला आणि तो अंगणात निघून गेला. मग मीच सेल्फीसाठी मोबाईल काढला. काकू पिठाचे हात गाऊनला पुसून माझ्या शेजारी उभ्या राहिल्या. हसल्या मात्र नाहीत. "हसा ना" असं माझ्याही ओठांवर आलं होतं, ते मी गिळलं.