धना कंडक्टरची मुलगी

माझी धाकटी जाऊ धनलक्ष्मी सिटी बसवर कंडक्टर आहे. कधी पहाटेची पाळी, कधी दुपारची, पण घरी येईल तेव्हा पाय सुजलेले असतात हे नक्की. आली की खाकी शर्टसुद्धा न बदलता भिंतीला पाठ टेकून फतकल मारून बसते आणि म्हणते, "साकु अप्पा, साकु!" कानडीत साकु म्हणजे पुरे. आम्ही पिढ्यान्‌पिढ्या बेंगळूरचं पाणी प्यालेली माणसं, आमच्या तोंडात 'पुरे' येतच नाही, साकुच येतं. कुकरच्या शिट्ट्या जास्त झाल्या, साकु. पाहुणा वाढूनच घेत नाही, तेव्हा तो म्हणतो साकु. धनाचं साकु तर दिवसभर चालूच. आम्हाला ते ऐकूही यायचं नाही.

यशवंतपूरचं घर सासऱ्यांनी बांधलेलं. वर मी, खाली धना आणि माझा दीर दयानंद. तो कांद्याच्या मंडीत काट्यावर असतो; बोलायचं काम त्याने बायकोवर सोडलंय. लग्नाला कितीतरी वर्षं झाली, पाळणा काही हलला नाही. मग चाळिशी उलटल्यावर दोघांनी ठरवलं, मूल दत्तक घ्यायचं, आणि तेही मोठं. मी कपाळाला हात लावला. म्हटलं, घ्यायचंच तर तान्हं घे, मोठ्या पोराला कसला लळा लागणार?

"अक्का, तान्ह्याला कोण बघणार? तुमचे गुडघे?" धना म्हणाली. "मोठं असलं तर स्वतः चालेल तरी."

असं तिचं बोलणं. पण संस्थेतून मुलीचं नाव कळवणारा फोन आला त्या दिवशी ती स्वयंपाकघरात तोंडाला पदर लावून रडत होती, ते मी पाहिलंय.

भव्या आली ती सात वर्षांची, सोलापूरकडच्या एका संस्थेतून. मराठी बोलणारी म्हणून आम्ही खूश. पण तिचं मराठी स्वच्छ आणि आमचं कानडी शिंपडलेलं. मी "स्वल्प थांब", म्हणजे जरा थांब, म्हटलं तर पोर नुसती बघत राहिली. मला तिने दोड्डम्मा म्हणावं, म्हणजे मोठी आई, हे शिकवायलाच आठवडा गेला. आणि एक गोष्ट आम्हाला आधीच सांगितली होती. या पोरीला पूर्वी एका घराने नेलं होतं आणि काही महिन्यांनी परत आणून सोडलं होतं. "जमत नाही" म्हणाले म्हणे. भांडं आहे का ते, गळतं म्हणून दुकानात परत करायला!

पहिले दोन महिने पोर इतकी शहाणी की मला भीती वाटली. मग सुरू झालं. ताट भिरकावणं, अंथरूण ओलं करणं, दयानंदच्या दंडाला चावणं. एकदा तर शाळेचा युनिफॉर्म कात्रीने कापला. मारतहळ्ळीहून नीलिमा म्हणून एक मुलगी यायची, अशा घरांना भेटी देणं हेच तिचं काम. पुण्याची, निम्मं इंग्लिश. ती म्हणाली, "ती तुम्हाला टेस्ट करतेय. ठेवताय की पाठवताय, ते बघतेय. तिला सेफ वाटू दे."

"आणि आम्हाला कधी सेफ वाटायचं?" मी विचारलं. नीलिमा हसली, धना नाही हसली. ती दिवसभर बसमधल्या लोकांची बोलणी खाऊन यायची आणि घरी पोरीची. भव्या खोलीत ओरडत असली की ही दाराबाहेर जमिनीवर बसायची आणि म्हणायची, "मी इथेच आहे गं." बस्स, एवढंच. किती वेळा तिथेच डोळा लागलेला पाहिलाय मी.

दसऱ्यानंतर ओरडणं एकदम थांबलं.

काय सांगू, सुटल्यासारखं वाटलं! पोर हळू चालायची, हळू बोलायची. जेवायला अर्धी भाकरी, वर वाढायला गेलं तर ताटावर हात आडवा. काही आणायचं का विचारलं तर "नको". आजारी पडली तर सांगायची नाही. मी गल्लीत सगळ्यांना सांगत सुटले, आमची भव्या किती समजूतदार झाली. धना मात्र जास्तच खंगली. 

"अक्का, पोर भांडत नाही हो."

"मग देवाला हात जोड!"

"नाही. बसमध्ये बिनतिकिटाचा माणूस असाच उभा असतो. अंग चोरून. कुणाला धक्का लागू देत नाही."

मी म्हटलं, तुला सुखही बोचतं. तिने पोरीला डॉक्टरकडे नेलं, त्यांनी टॉनिक दिलं. नीलिमाने वहीवर चित्रं काढून घेतली, घर काढ म्हटलं तर पोरीने घर काढलं आणि आत कुणालाच काढलं नाही. धना बसवर गेली आणि संध्याकाळी परत आली, दुसरं काय करणार?

मग ती संध्याकाळ. धना डबल ड्यूटी करून आलेली. बायकांना तिकीट माफ झाल्यापासून बसमध्ये मुंगी शिरायला जागा नसते, त्यात कुणीतरी सुट्या पैशांवरून तिच्या आईबापाचा उद्धार केलेला. भव्या दारात बूट काढत होती आणि मोजा पायाला चिकटला होता. टाच सोलून रक्त सुकलेलं. बूट केव्हाचे लहान झाले होते आणि पोरीने ब्र काढला नव्हता. धना ते बघून भडकली. "सांगायला काय झालं तुला? तोंड नाही का?" आणि मग दोन्ही हातांनी डोकं धरून, "साकु गं बाई, साकु झालं मला!"

भव्या आत गेली. आम्हाला वाटलं रडायला गेली. ती बाहेर आली ती पिशवी घेऊन. दोन फ्रॉक, कंगवा, संस्थेतून येताना आणलेला टॉवेल. चप्पल घालून दाराशी उभी राहिली आणि म्हणाली, "मी तयार आहे."

"कुठे निघालीस?" दयानंदने विचारलं.

"परत. आता साकु झालं ना. मी कमी खाल्लं, आवाज पण नाही केला. तरी झालं."

धनाने विचारलं, "हे तुला कुणी सांगितलं?"

"बाहुल्या बघायला गेलो तेव्हा. समोरच्या आजी सगळ्यांना म्हणाल्या, ही साकु मगळु. मगळु म्हणजे मुलगी, ते मला येतं. आणि साकु म्हणजे पुरे. पुरे झालेली मुलगी."

आता डोक्यात प्रकाश पडला. दसऱ्याला इकडच्या रिवाजाप्रमाणे समोर राहणाऱ्या हयवदनच्या घरी बाहुल्या मांडतात, तिथे त्याच्या आईने पोरीला जवळ घेऊन कौतुकाने सांगितलं होतं, ही धनाची साकु मगळु. साकु म्हणजे पुरे, तसं साकु म्हणजे सांभाळून वाढवलेलं. कानडीत दत्तक मुलीला असंच म्हणतात. शब्द एकच. आम्हाला जन्मात कधी यात काही वावगं दिसलं नव्हतं, आणि या लेकराने तेवढ्यावर महिनोन्‌महिने अर्धी भाकरी खाल्ली. मी घाईघाईने म्हटलं, "अगं वेडे, ते साकु वेगळं! त्याचा अर्थ पाळलेली."

"कुत्रा पाळतात तसं?" भव्याने विचारलं.

घ्या! मी जीभ चावली. दयानंदने माझ्याकडे असं पाहिलं की मी पुन्हा तोंड उघडलं नाही.

भिंतीला टेकून बसलेली धना उठली नाही. तिथूनच म्हणाली, "भव्या, मला नीट समजावता येत नाही, मी दमलेय. साकु मीच म्हणते. गर्दीला म्हणते, पायांना म्हणते. आज तुला म्हटलं. पुढेही तोंडातून निघेल. पण दमले म्हणून पोर परत करायचं असतं तर मी रोजच केलं असतं. मी रोजच दमते."

"त्यांनी केलं होतं," भव्या म्हणाली.

धनाच्या डोळ्यांतून पाणी वाहायला लागलं, तिने पुसलंही नाही. "केलं," ती म्हणाली. "त्यांचं चुकलं. तुझं काही चुकलं नव्हतं. इथे तू पोटभर खा, ताटं फेक, मला चाव. मी चिडेन, ओरडेन. पण तू इथून कुठे जायची नाहीस."

असं झालं म्हणून पोरीने धावत येऊन मिठी मारली असेल असं वाटत असेल, तर नाही. तिने चप्पलही काढली नाही. दाराशीच बसली. धना उठून तिच्याशेजारी जाऊन बसली आणि टाचेला हळद लावली. मी वरून गरम सांबार-भात आणला, पोर तो चप्पल घालूनच जेवली. पिशवी दारामागे तशीच राहिली. मी उचलायला गेले तर धना म्हणाली, "राहू दे. तिची आहे, तीच उचलेल."

मग धनाने साकु सोडायचं मनावर घेतलं. बसमध्येही "पुरे, पुरे" करायला लागली, तर पॅसेंजर ही पुरी विकते की काय म्हणून बघायला लागले! चार दिवसांत तो नाद सुटला. पोर मात्र थोडं थोडं खायला लागली. भांडण अजून नाही. धना दर रात्री माझ्याजवळ तेच बोलायची, "अक्का, विश्वास नाही बसला हो तिचा." आणि मला खोटं सांगवत नव्हतं.

गेल्या महिन्यात जे. पी. नगरला माझ्या भाचीकडे बारसं होतं. रविवार होता, धनाची बस तिकडेच जाणारी, म्हणून मी भव्याला घेऊन तिच्याच बसमध्ये चढले. पोर आईच्या मागेमागे, तिची तिकिटाची पिशवी धरून. आमचा स्टॉप आला. मी म्हटलं, चल. ती म्हणाली, नाही, मी आईबरोबर शेवटपर्यंत जाणार. मी हात धरला. तिने खांबाला मिठी मारली आणि अशी किंचाळली की ड्रायव्हरने मागे वळून पाहिलं. "नाही उतरणार! नाही म्हणजे नाही! मला आईजवळच राहायचंय!" बाळासाठी आणलेलं झबलं पायाखाली गेलं, तिने लाथ मारली ती माझ्या नडगीवर बसली. दारात गर्दी तुंबली, मागच्या गाड्या हॉर्न वाजवायला लागल्या. मला तर धरणी पोटात घेईल तर बरं असं झालं.

एक चष्मेवाले गृहस्थ वैतागून ओरडले, "यार मगु इदु?" कुणाचं मूल आहे हे?

धना गर्दीतून वाट काढत आली. केस विस्कटलेले, डोळ्यांखाली काळं, घामाने शर्ट चिकटलेला. तिने खांबाला लटकलेल्या, नाक वाहणाऱ्या, माझ्यावर लाथा झाडणाऱ्या त्या कार्टीकडे पाहिलं आणि तिचा चेहरा असा काही फुलला की मी इतक्या वर्षांत पाहिला नव्हता. सगळ्या बसला ऐकू जाईल अशा आवाजात ती म्हणाली, "नंदे री! स्वल्प अडजस्ट माडी!"

माझंच आहे हो, जरा सांभाळून घ्या. मग तिने शिट्टी मारली, आणि बारशाला मी एकटीच उतरले.